काकाजींची पाणपोही

आमची पत्रकं छापणाऱ्या काकाजींनी जेवढी आंदोलनं लांबवली, तेवढी या राज्यातल्या कुठल्याही सरकारनं लांबवली नसतील, हे मी पूर्ण जबाबदारीनं लिहिते. सरकार निदान आश्वासन देतं. काकाजी तेही देत नाहीत. मोर्चा उद्यावर आलेला असतो, गावोगाव पोरं पत्रकाची वाट बघत फाट्यावर उभी असतात, आणि काकाजी चष्मा कपाळावर सरकवून आपला मजकूर नाकाला लावून बसलेले असतात. मग हळूच म्हणतात, "पुढारीबाई, 'जाहीर निषेध' बराबर आहे. निषेध करायलाच पाहिजे. पण छापायच्या आधी एक सांग, तुमच्या घरी माठ ठेवायच्या जागेला काय म्हणतात?" आपण दात खाऊन सांगावं की काकाजी, आम्ही बसथांब्याच्या सावलीसाठी भांडतोय, माठाचं नंतर बघू. त्यावर ते समाधानानं मान हलवतात आणि विचारतात, "थांबा म्हणता का ठेसन?"

वाटूर फाट्यावर टायरचं दुकान आणि रसवंती यांच्या मधल्या चिंचोळ्या गाळ्यात त्यांचा छापखाना आहे. परतूर, मंठा, जालना, कुठंही जायचं तरी माणसाला या फाट्यावर उतरावं लागतं आणि उतरलं की उन्हात उभं राहावं लागतं. त्यामुळे काकाजींना गिऱ्हाइकाची आणि मला अन्यायाची कधी टंचाई पडली नाही. त्यांचं घराणं कधीकाळी मारवाडातून आलं. तिकडचं गाव आता फक्त लग्नपत्रिकेत छापण्यापुरतं उरलंय. घरात काकीजींशी मारवाडी, गिऱ्हाइकाशी आपल्यासारखीच 'करून राह्यलो, जाऊन राह्यलो' वाली मराठी, आणि शब्दांचा विषय निघाला की एकदम पोथीतली मराठी, अशा तीन भाषा ते एकाच वाक्यात बोलू शकतात. मी त्यांना एकदा सांगितलं की तुमच्यासारख्या माणसानं खरं तर विद्यापीठात असायला पाहिजे होतं. ते म्हणाले, "तिथं लग्नपत्रिका कोण छापंल?"

जगातले सगळे शब्द काकाजींना आवडतात, पण जीव मात्र एकाच शब्दात अडकलेला. छापखान्याच्या दारात भिंतीला टेकवून एक काळा दगड ठेवलेला आहे. पूर्वी तो फाट्यावर लिंबाच्या झाडाखाली होता. रस्ता रुंद करताना लिंब गेला, दगड मातीत लोळत पडला, तो काकाजींनी हातगाडीवर घालून आणला. त्यांच्या आजोबांनी उन्हाळ्यात वाटसरूंना फुकट पाणी मिळावं म्हणून तिथं रांजण ठेवले होते, त्याची ती पाटी. आजोबांचं नाव झिजून गेलंय. खाली एकच शब्द ठसठशीत राहिलाय: पाणपोही.

आता तुम्ही, मी आणि उरलेला महाराष्ट्र पाणपोई लिहितो. या दगडावर मात्र शेवटी 'ही' आहे. छापखान्यात फुकट पेपर वाचायला येणारे एक निवृत्त गुरुजी आहेत. त्यांनी एकदा पेपराच्या आडून म्हटलं होतं, "शेठ, तुमच्या आजोबाला मराठी कुठं येत होती? 'ई'च्या जागी 'ही' कोरून बसले. दानधर्म केला पण व्याकरण बुडवलं." गुरुजी बोलले आणि विसरून गेले. पान उलटून कापसाचे भाव वाचायला लागले. काकाजी विसरले नाहीत. दोनचारशे वर्षं एखाद्या मातीत राहून, तिथलंच पाणी पिऊन, तिथल्याच लोकांच्या बारशापासून तेराव्यापर्यंतच्या पत्रिका छापूनही तुम्हाला मराठी येत नाही असं कोणी म्हटलं, तर काय वाटत असेल हे मला त्यांनी कधी सांगितलं नाही. सांगायची गरजही नव्हती. तो 'ही' चुकीचा नाही, हे सिद्ध करायला ते त्या दिवशी निघाले ते निघालेच.

आधी त्यांनी कोश आणले. जुन्यापुराण्या, पानं गळणाऱ्या, उचलताना दोन हात लागतील अशा एका कोशात त्यांना 'पोई' सापडली आणि तिच्या शेजारीच 'पोही'ही सापडली. त्या दिवशी काकाजींनी दुकानात आलेल्या प्रत्येकाला पेढा दिला. वीजबिलाची वसुली करायला आलेल्यालाही दिला. संस्कृतात प्रपा, म्हणजे पाणी पाजायची जागा. प्राकृतात तिची पवा झाली आणि तिथून झिरपत झिरपत ती मराठीत आली. कुठं पोई झाली, कुठं पोवी, कुठं पोही. हे समजावून सांगताना काकाजी तांब्यातलं पाणी टेबलावर ओततात आणि बोटानं त्याचे ओघळ काढून दाखवतात. एका लग्नाच्या पत्रिका अशाच प्राकृतात भिजल्या. नवरदेवाचं नाव पसरून नवरीच्या बापाच्या नावात मिसळलं, तेव्हा मुलाकडचे लोक भांडायला आले. काकाजींनी त्यांनाही प्रपा सांगितली. ते गुपचूप परत गेले आणि पुढची पत्रिका त्यांनी जालन्याला छापली.

गुरुजींवर मात्र कोशाचा काही परिणाम झाला नाही. "कोशात काय," ते म्हणाले, "मेलेलेपण शब्द असतात. बोलणारा जिता माणूस दाखवा."

मग स्कूटर निघाली. छापलेल्या पत्रिका पोचवायच्या निमित्तानं काकाजींनी जिल्हा पालथा घातला. त्यांचा नियम कडक होता. आपण शब्द उच्चारायचा नाही, समोरच्यानं आपणहून उच्चारला पाहिजे, नाहीतर पुरावा बाद. त्यामुळे ते लोकांना कोडं घालायचे. पिंपळगाव रेणुकाईला देवळाच्या पायरीवर बसलेल्या म्हाताऱ्यांना त्यांनी विचारलं, "उन्हाळा आहे. रस्त्याच्या कडेला झाड आहे. झाडाखाली रांजण आहे. त्याच्यावर ओलं फडकं आहे. कोणी बी यावं, फुकट गार पाणी प्यावं. त्याला तुम्ही काय म्हणता?" एक म्हातारा बराच वेळ विचार करून म्हणाला, "स्वप्न म्हणतो." तीर्थपुरीच्या बाजारात त्यांनी हेच कोडं मोठ्या आवाजात घातलं, तर लोकांना वाटलं उमेदवार आला. गर्दी जमली, कोणीतरी हार आणला, बोअरच्या मागणीचा अर्ज त्यांच्या हातात दिला आणि एका बाईनं बजावलं की मागच्यानंही असंच रांजणाचं सांगितलं होतं. काकाजी तो अर्ज घेऊन माझ्याकडे आले. म्हणाले, "शब्द न्हाई भेटला, पण हे तुझ्या कामाचं आहे." पुतणीच्या लग्नात पंगतीला ते मुद्दाम वराकडच्या सर्वांत म्हाताऱ्या बाईच्या शेजारी बसले आणि तिला रांजण, झाड, फडकं सुरू केलं. बाईला वाटलं, मुलीकडच्यांनी पाण्याच्या व्यवस्थेवरून टोमणा मारला. वऱ्हाड उठायला निघालं. काकीजींनी मध्ये पडून निभावलं. त्या मला म्हणाल्या, "लोकांचे नवरे बायांच्या मागं लागतात. आमचे रांजणाच्या मागं लागलेत. बरंच म्हणायचं."

आता माझ्या बाजूची हकिकत. वाटूर फाट्यावर पिण्याच्या पाण्याची सोय नाही. उतरणाऱ्या बायका मजुरीवरून येतात, कडेवर लेकरू, डोक्यावर बोचकं, आणि पाणी प्यायचं तर बाटली विकत घ्या. नळयोजनेचं उद्घाटन दोनदा झालं, नळ एकदाही आला नाही. लाज कोणाला वाटायला पाहिजे ते मी पत्रकात स्पष्ट लिहिलं होतं, 'फाट्यावर पाणपोई सुरू करा' अशी ठळक मागणी केली होती, आणि पत्रक छापून आलं तेव्हा त्यात माझे सगळे संतापाचे शब्द जसेच्या तसे होते, फक्त मागणी 'पाणपोही'ची होती. संध्याकाळपर्यंत तीन टवाळ मला विचारून गेले की ताई, पोहे फुकट आहेत का.

मी भांडायलाच गेले. "काकाजी, लोकं तहानेनं मरून राह्यलेत आणि तुम्ही 'ही' करत बसलात."

ते बिलकुल चिडले नाहीत. त्यांनी चष्मा पुसला. म्हणाले, "मागणी कशाला करते? मी देतो पाणी. टाकी माझी, पत्र्याची सावली माझी, सगळा खर्चा माझा. दर्शनी बाजूला आजोबाचा दगड लागंल. आणि एक माणूस बसंल, हातानं पाजायला. पाणी ठेवलं म्हणजे पोही होत न्हाई, बेटा. पाजणारा लागतो. शब्दातच आहे ते."

चळवळीत कधी नव्हे ते अशी मागणी जागेवर मान्य झाली होती. मी आनंदात घरी आले. आजी दारात बसून तूर निवडत होती. मी तिला सांगायला लागले की फाट्यावर आता फुकट पाणी मिळणार, शेठ टाकी बसवणार, पूर्वी तिथं रांजण होते म्हणे.

"मंग पोही म्हण की," आजी सुपातून डोकं वर न काढता म्हणाली. "किती लांबण लावते."

मी जागच्या जागी उभी राहिले. तिला परत विचारलं. ती वैतागून म्हणाली, "पोही गं. बहिरी झाली का? लिंबाखाली होती शेठची."

तुम्हाला वाटेल मला आनंद झाला. मला राग आला. मी उलट्या पावली छापखान्यात गेले. काकाजी, म्हटलं, तुम्ही भोकरदनच्या टोकापर्यंत गेलात, घनसावंगीकडं गेलात, लग्नाच्या पंगती उठवल्यात. आमची भीमनगरची वस्ती तुमच्या दुकानाच्या पायरीवरून दिसते. आमच्या आजीच्या लग्नाआधीपासून हा शब्द तिथं बसलाय. तिथं का न्हाई आलात?

काकाजींनी वाईट हेतूनं कुठली गोष्ट केली नाही, हे मला माहीत आहे. म्हणूनच राग जास्त आला. जुना शब्द शोधायचा म्हणजे देवळाच्या पायरीवर जायचं, पाटलाच्या ओसरीवर जायचं, बाजारात जायचं, हे त्यांच्या पायांना आपोआप ठाऊक होतं. आमच्याकडं वळायचं पायांना ठाऊकच नव्हतं. त्यांनी अगदी खरं ते सांगितलं. "सुचलंच न्हाई, बेटा."

दुसऱ्या दिवशी ते आले. पांढरा कडक सदरा, हातात पेढ्यांचा पुडा, मुलगी बघायला आल्यासारखे. आजीनं त्यांना खुर्चीवर बसवलं, मी पेल्यातून पाणी दिलं. आणि काकाजींनी मान मागे टाकली, पेला वर उचलला आणि तोंडाला न लावता उंचावरून घटाघटा पाणी घशात सोडलं.

ते नेहमी तसंच पितात. स्वतःच्या घरी, काकीजींनी दिलेल्या पेल्यातूनही तसंच. त्यांच्याकडं लहान मुलांना चालायला शिकवायच्या आधी हे शिकवतात. मला हे माहीत होतं. आजीला माहीत नव्हतं.

आजी शांतपणे म्हणाली, "शेठ, अजून वरूनच का?"

काकाजींच्या हातातला पेला तसाच हवेत राहिला. आधी त्यांना कळलं नाही, मग कळलं, आणि एवढा गोरा माणूस कानापर्यंत लाल झाला. "न्हाई माय, तसं न्हाई. सवय आहे. घरीबी असंच. हिला विचारा." एवढं बोलून ते थांबले नाहीत. त्यांनी पेला खाली आणला आणि तोंडाला लावला. सत्तरी गाठेपर्यंत ज्या माणसानं कधी काठाला ओठ लावला नाही, त्याला ते येतं कुठं? अर्धं पाणी नाकात गेलं, अर्धं कडक सदऱ्यावर, ठसका असा लागला की शेजारच्या बायका धावत आल्या. आजी उठून त्यांच्या पाठीवर थापा मारायला लागली आणि हसायला लागली. हसता हसता तिचा पदर पडला. "पाणी प्यायलाबी शिकवलं न्हाई का हो माईनं तुमच्या?"

"माईनंच शिकवलंय," काकाजी खोकत म्हणाले, "वरून."

जरा सावरल्यावर त्यांनी नियमाप्रमाणे कोडं सुरू केलं. उन्हाळा आहे, रस्त्याच्या कडेला झाड आहे. आजीनं त्यांना रांजणापर्यंतही पोचू दिलं नाही. "पोही. तुमच्याच आजोबाची. कोडं काय घालता, मी पाणी प्यालेली आहे तिथलं."

"पोई न्हाई ना, माय? पोही?"

"पोई काय? पोही."

त्या क्षणी काकाजींचा चेहरा तुम्ही पाहायला हवा होता. निवडणूक जिंकलेल्या माणसाचाही एवढा फुलत नाही, कारण त्याला पुढचा खर्चा दिसत असतो. ते काही बोलणार, तेवढ्यात आजी तूर पाखडल्यासारखं सहज पुढं बोलत गेली.

"आमच्यासाठी पत्र्याची लांब नळी होती. इकडून तुमचा माणूस वतायचा, तिकडं आम्ही ओंजळ धरून वाकायचं. वतणारा लई बडबड्या होता. गप्पाच्या नादात धार कुठं सोडायचा त्याला पत्ता नसायचा. सगळं पाणी कोपरावरून अंगावर. आमची माय म्हणायची, पोहीवर चालली तर घरी आंघोळ करू नको, तिथंच व्हईल." ती पुन्हा हसली. "पण खोटं कशाला बोलू? पाणी गार होतं. द्यायचे. लांबून द्यायचे, पण द्यायचे."

माझ्याकडं त्या वेळी भाषण तयार होतं. चांगलं होतं, मुद्देसूद होतं. ते करायची मला जागाच मिळाली नाही. काकाजी ओल्या सदऱ्याचं टोक पिळत होते. आजोबांच्या बाजूनं साक्ष द्यायला एवढ्या मोठ्या जिल्ह्यात एकच तोंड निघालं होतं, आणि ते हे तोंड होतं.

शेवटी त्यांनी विचारलं, "मंग माय, दगड लावू का नको?"

"तुमचा दगड, तुमचं नाव. मी कोण सांगणार?" आजी म्हणाली. "पण वतणारा बसवू नका. ज्याला तहान लागली, त्यानं आपल्या हातानं घ्यावं."

दुसऱ्या दिवशी मी मुद्दाम छापखान्यात थांबले. गुरुजी पेपर वाचत होते. मला पाहून त्यांनी विचारलं, "काय शेठ, भेटला का जिता माणूस?"

"भेटला," काकाजी म्हणाले. "शब्द बराबर निघाला, गुरुजी. आजोबाच चुकले." आणि त्यांनी नळीसकट सगळं सांगितलं, काही न लपवता. गुरुजींनी पेपराची घडी घातली. त्यांनी पेपर पूर्ण न वाचता ठेवलेला मी तेव्हा पहिल्यांदा पाहिला. त्यांनीही मग स्वतःच्या गावातल्या आडाचं काहीतरी सांगायला सुरुवात केली, आणि अर्ध्यात सोडून दिलं.

फाट्यावर टाकी बसली. तिला चार तोट्या आहेत, साखळी न बांधलेले पेले आहेत, सावलीला पत्रा आहे. पाजणारा कोणी नाही. दगड तिथं गेला नाही. पाटीवर काय रंगवायचं म्हणून रंगारी विचारायला आला, तेव्हा काकाजींनी माझ्याकडं पाहिलं, मी त्यांच्याकडं पाहिलं, आणि ते म्हणाले, "पाणी लिही. बस." रंगाऱ्यानं विचारलं, पुढं काही? तर म्हणाले, "पुढं काय असतं?"

त्यानंतर काकाजींचा आमच्या घरी येण्याचा परिपाठ सुरू झाला. आठवड्यातून एकदा स्कूटर दारात. शेतातल्या अवजारांचे, भाज्यांचे, शिव्यांचे शब्द ते आजीला विचारायचे. शिव्या आजी पदराआडून सांगायची आणि काकाजी लाजत लाजत दोनदा म्हणून घ्यायचे. दर वेळी आजी त्यांच्यापुढं पेला ठेवायची आणि ते तोंडाला लावून पिण्याचा सराव करायचे. शेवटपर्यंत त्यांना ते नीट जमलं नाही. आजी म्हणायची, "सदरा जुना घालून येत जा, शेठ."

या थंडीत आजी गेली. जलदान विधीला काकाजी आले, मागच्या रांगेत सतरंजीवर बसले. भन्तेजींनी सगळं म्हणून झाल्यावर, भांड्यात ओतलेलं पाणी काठोकाठ भरून वाहून गेल्यावर, लोक जेवायला उठले तरी ते बसूनच होते. मी त्यांच्याजवळ जाऊन बसले.

"आता तो शब्द म्हणणारं कोण राहिलं?" त्यांनी विचारलं.

"तुम्ही आहात की, काकाजी."

"मी कोशात पाहून म्हणतो. त्यांच्या तोंडात होता तो."

"मंग मी म्हणीन."

ते माझ्याकडं पाहून जरासे हसले. "तू रागानं म्हणशील, बेटा. त्या हसून म्हणायच्या."

ते स्कूटर सुरू न करता तशीच ढकलत निघाले, तेव्हा मीही त्यांच्यासोबत फाट्यापर्यंत चालत गेले. ऊन तापायला लागलं होतं. परतूरची गाडी नुकतीच लागली होती, आणि उतरलेल्या बायका लेकरांना कडेवरून खाली ठेवून, बोचकी पत्र्याखाली टाकून पाण्याकडं निघाल्या होत्या.